कीरवाणी, मरगदमणी आणि एम. एम. क्रीम

'नाटू नाटू'वाले संगीतकार कीरवाणी आणि 'जिस्म'चे एम. एम. क्रीम एकच का, आणि ऑस्करआधी त्यांनी काय केलं, असं तुम्ही विचारलंय.

हो, एकच. तेलुगूत कीरवाणी, तमिळमध्ये मरगदमणी, हिंदीत क्रीम. मरगद म्हणजे मरकत, म्हणजेच पाचू. आणि कीरवाणी हे तर रागाचं नाव, आपण किरवाणी म्हणतो तोच. मी पेटी वाजवतो, त्यामुळे या नावाचं मला फार अप्रूप. गंधार, धैवत हे स्वर कोमल, म्हणजे जरा उतरलेले, आणि निषाद मात्र शुद्ध. कोमल धैवतावरून त्या शुद्ध निषादावर बोट नेलं की काळजात हलतं.

जन्म १९६१चा, आंध्रातल्या कोव्वूरचा. संगीतकार चक्रवर्ती यांच्या हाताखाली उमेदवारी केली, १९९०च्या 'मनसु ममता'पासून स्वतःच्या नावावर काम सुरू झालं आणि पुढच्याच वर्षी रामगोपाल वर्मांच्या 'क्षण क्षणम'नं नाव झालं. त्याच १९९१ साली दिग्दर्शक के. बालचंदर यांनी त्यांना तमिळमध्ये 'अळगन' दिला. त्यातलं 'संगीत स्वरंगळ' नक्की ऐका. दोघं रात्रभर फोनवर बोलत राहतात, एवढाच प्रसंग. पण चाल इतकी हळुवार, की फोन ठेवूच नये असं आपल्यालाही वाटतं.

माझ्या मते त्यांचं सगळ्यात अवघड काम 'अन्नमय्या' (१९९७). पंधराव्या शतकातले तिरुपतीचे संतकवी अन्नमाचार्य, त्यांच्यावरचा हा चित्रपट. त्यांची कीर्तनं तेलुगू घरांत आपल्याकडच्या अभंगांसारखी मुरलेली. लोकांच्या ओठांवर असलेलं गाणं पडद्यावर आणायचं, तेही भाव न बिघडवता. या कामासाठी त्यांना राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. ऑस्करइतकाच मी तो मोठा मानतो.

हिंदीत 'जख्म', 'सूर', 'जिस्म', 'रोग', 'पहेली'. चित्रपट मोजकेच, पण 'गली में आज चांद निकला' किंवा के.के.नं गायलेलं 'मैंने दिल से कहा' कोण विसरेल?

दिग्दर्शक राजमौली त्यांचे चुलतभाऊ. २००१च्या 'स्टुडंट नंबर वन'पासून राजमौलींच्या प्रत्येक चित्रपटाला संगीत यांचंच. 'बाहुबली'चा भव्य आवाज ज्याचा, 'आरआरआर'मधल्या 'नाटू नाटू'चा रांगडा ठेकाही त्याचाच. त्या ठेक्यावर सहा मात्रा मोजून बघा, आपल्या दादरा तालाइतक्याच भरतील, पण वजन गावच्या जत्रेतल्या डफाचं. गीत चंद्रबोस यांचं, आणि गाणाऱ्या दोघांपैकी कालभैरव हा कीरवाणींचाच मुलगा. मार्च २०२३मध्ये ऑस्कर मिळालं, पद्मश्रीही त्याच वर्षी.

सुरुवात कुठून करावी म्हणाल तर 'क्रिमिनल'पासून करा. आधी 'तू मिले, दिल खिले' लावा, मग लगेच त्याचंच तेलुगू रूप, 'तेलुसा मनसा', बालसुब्रमण्यम आणि चित्रा यांच्या आवाजात. शब्द कळले नाहीत तरी चालेल, डोळे मिटून ऐका.