आळं, आळी आणि अळी

प्रश्न असा आला आहे: रोपवाटिकेतल्या माळीदादांनी लिंबाची चार रोपं देताना बजावलं, "आळी मोठी ठेवा." घरी लेकीनं विचारलं, "अळी मोठी कशाला करायची? ती पानं खाईल ना!" तर ही आळी, पुण्याच्या तांबट आळीतली आळी आणि लेकीची अळी एकच का? आणि आळं म्हणजेच वाफा का?

तिन्ही वेगळे शब्द. माळीदादांचा शब्द म्हणजे पाणी साठावं म्हणून झाडाभोवती केलेला गोल खळगा. तो नपुंसकलिंगी: एक असलं तर ते आळं, अनेक असली तर ती आळी. म्हणून "आळ्यात पाणी सोड". गल्लीची आळी स्त्रीलिंगी; ती संस्कृत 'आलि' म्हणजे ओळ, रांग. घरांची रांग ती आळी. पानं खाणारी अळी ऱ्हस्व 'अ'ची, पण बोलताना आपण तिलाही सर्रास 'आळी' म्हणतो. गोंधळ होतो तो तिथंच. लेकीची काही चूक नाही.

आळं आलं संस्कृत 'आलवाल'वरून. फल-फळ, कमल-कमळ यांत झाला तसाच इथंही ल चा ळ झाला. कालिदासाच्या 'शाकुंतला'च्या पहिल्याच अंकात अनसूया शकुंतलेला म्हणते की कण्वबाबांना तुझ्याहून आश्रमातली झाडं लाडकी दिसतात, म्हणून तर तुझ्यासारख्या नाजूक मुलीला त्यांची आलवालं भरायला लावलंय. म्हणजे कण्वकन्या आळ्यांना पाणी घालत होती!

वाफा निराळा. मेथी-कोथिंबीर वाफ्यात, गादीवाफ्यावर रोपं. एका वाफ्यात शेकडो झाडं. आळं ज्याचं त्याचं. तेही बुंध्याला चिकटून केलेला खळगा नव्हे, कारण पाणी पिणारी मुळं लांब पसरलेली असतात. नारळाचं आळं बुंध्यापासून सहा फुटांपर्यंत करतात. संत्र्या-लिंबाला तर दुहेरी आळं: आतल्या गोलात मातीची भर, पाणी फक्त बाहेरच्या बांगडीत. बुंधा सतत ओला राहिला की डिंक्या, म्हणजे सालीतून डिंक गळण्याचा रोग, लागतो. माळीदादांच्या 'मोठी'मागं हे सगळं आहे. (आमच्या सोसायटीनं आंब्याच्या बुंध्यापर्यंत पेव्हर ब्लॉक बसवले आणि वीतभर गोल सोडून त्याला 'आळं' म्हटलं. शब्दाची इतकी थट्टा बघवत नाही.)

हिंदीत यालाच थाला म्हणतात. मला आपलं आळंच बरं वाटतं, बहुधा सवयीनं.

कालिदासाच्याच 'रघुवंशा'च्या पहिल्या सर्गातही 'आलवाल' हा शब्द आहे. वसिष्ठांच्या आश्रमात मुनिकन्या रोपांना पाणी घालतात आणि घालून झालं की लगेच बाजूला होतात. आळ्यातलं पाणी प्यायला पाखरं यायची असतात, ती बिचकू नयेत म्हणून. लिंबाला पाणी घातल्यावर लेकीला घेऊन जरा लांब उभं राहून बघा. आमच्याकडं बुलबुल येतात.