पिठाच्या पोत्यावरचा शिक्का

प्रश्न : बाई, माझा मुलगा नोकरीसाठी अमेरिकेत, कॅन्सस राज्यात असतो. तिथल्या एका छोट्या गावातल्या संग्रहालयात त्याला लहान मुलीचा फुलाफुलांचा फ्रॉक दिसला. कोंबड्यांच्या खाद्याच्या पोत्यापासून शिवलेला, असं खाली लिहिलं होतं. मी तो फोटो सासूबाईंना दाखवला. त्या ऐंशी पार केलेल्या, मूळच्या सांगोल्याकडच्या. चष्मा लावून नीट बघितला आणि म्हणाल्या, "शिक्का कशानं काढला असंल गं हिच्या आईनं?" मी पुढे विचारायला गेले, तर "काय न्हाई, जा, भाजी बघ" म्हणून विषयच तोडला. अमेरिकेत खरंच अशी गरिबी होती का? आणि सासूबाई गप्प का झाल्या?
— एक वाचक, जुळे सोलापूर

उत्तर : राग मानू नका, पण तुमच्या प्रश्नापेक्षा सासूबाईंचा प्रश्न मोठा आहे. आधी त्यांनाच उत्तर देते. डुकराची चरबी नाहीतर रॉकेल चोळून पोतं रात्रभर ठेवायचं आणि सकाळी घरीच कॉस्टिक घालून केलेल्या साबणानं उकळत्या पाण्यात धुवायचं. तरी एका धुण्यात शिक्का जायचा नाही. दोन-तीनदा घासावं लागे.

तिकडे पूर्वी पीठ, मीठ, साखर लाकडी पिंपांतून यायची. एकोणिसाव्या शतकाच्या उत्तरार्धात पिंपं मागे पडून सुती पोती आली, आणि शेतावरच्या बायकांनी ती फेकली नाहीत. शंभर पौंडांच्या, म्हणजे साधारण ४५ किलोच्या पोत्यातून वारभर कापड सहज निघायचं. अंगभर झग्याला तीन पोती लागत. उरलेल्याचे टॉवेल, उशांचे अभ्रे, गोधड्या, आतले कपडे. पुढे पोतं विकणाऱ्यांच्याच लक्षात आलं, की बाई माल बघत नाही, पोतं बघते. १९२० आणि ३०च्या दशकांत फुलाफुलांची पोती बाजारात आली आणि शिक्का धुऊन जाईल अशा शाईत उमटू लागला. मग नवरा गाडी घेऊन बाजाराला निघाला की बायको हातात चिंधी द्यायची : ह्याच फुलाचं आणा, झगा अर्धा झालाय. ते फूल नेमकं थप्पीच्या तळाशी! दुकानदार काय म्हणत असेल याची कल्पना तुम्हीच करा.

आता माझं सांगते. माझा लहानपणीचा परकर मैद्याच्या कापडी पोत्याचा होता. आई गावी, सांगोला तालुक्यात. वडील सोलापुरात गिरणीत, साचेखात्यात, म्हणजे मागांवर, बदली कामगार. आईनं पोतं किती घासलं असेल देव जाणे, पण मागच्या बाजूला निळ्या अक्षरात '९० किलो' राहूनच गेलं. मी हाडकुळी. शाळेत पोरं मला वर्षभर "ए नव्वद" म्हणून हाका मारत. घरी सांगितलं तेव्हा आई हसली नाही. तिनं तो परकर पुन्हा चुलीवर उकळायला ठेवला.

म्हणून, "आम्ही गरीब होतो, पण आम्हाला ते माहीतच नव्हतं, सगळेच तसे होते," असं कुणी म्हटलं की माझा विश्वास बसत नाही. हे वाक्य आपल्याकडे ऐकू येतं तसंच अमेरिकेतल्या खेड्यांतल्या म्हाताऱ्या माणसांच्या आठवणींतही सारखं येतं. माहीत नव्हतं, तर शिक्का कशासाठी धुतलात? माहीत होतं. फक्त ते दुसऱ्याला दिसू द्यायचं नव्हतं.

तुम्ही विचारलंय, खरंच अशी गरिबी होती का. होती, आणि १९२९च्या मंदीच्या आधीपासून होती. दक्षिणेकडच्या कापूसपट्ट्यात लाखो कुटुंबं निम्म्या वाट्यानं दुसऱ्याची जमीन कसत. बी, खत, वर्षभराचा किराणा मालकाच्या नाहीतर दुकानदाराच्या वहीवर. कापूस विकला की हिशेब. हिशेब मालकच करणार, आणि शेवटी देणं निघणार ते वाटेकऱ्याचं. पुढचं वर्ष मागच्या वर्षाच्या देण्यात. गुलामगिरी कायद्यानं संपली तरी काळी माणसं या वहीत अडकली आणि त्यांच्या शेजारी गरीब गोरेही. १९३०च्या दशकाच्या मध्यावर तिथल्या दहातल्या नऊ शेतघरांत वीज नव्हती. आपण सिनेमात बघतो ती उंच इमारतींची अमेरिका त्याच काळात उभी होती, हे विसरू नका.

या शेतांवरून उठलेले लोक दक्षिणेतल्याच कॅरोलायना राज्यांतल्या सूतगिरण्यांत गेले. ही गोष्ट सोलापूरकरांना समजावून सांगायची गरज नाही. घर गिरणीचं, दुकान गिरणीचं, भोंगा गिरणीचा. शहरातले पांढरपेशे या कामगारांना 'लिंटहेड' म्हणत, म्हणजे डोक्यात कापसाचा भुसा असलेले. माझे वडील पाळी संपल्यावर गिरणीच्या नळावर भुवया, कानांच्या पाळ्या चोळून चोळून धुवायचे. चाळीत सगळेच गिरणीतले, तिथे कुणाला काय दाखवायचं होतं? पण वाटेत बाजार लागायचा. एकदा मी म्हटलं, दादा, घरी धुवा की. "बाजारातनं कापूस घिऊन कशाला जायचं," एवढंच म्हणाले.

आणि आता, नको असली तरी सांगायला हवी अशी बाजू. ज्याला खाली बघायला लावलं जातं, तो आपल्याही खाली कुणीतरी शोधतो. कॅरोलायनाच्या गिरण्यांत यंत्रावरचं काम गोऱ्यांचं. काळ्यांना झाडलोट, बॉयलर, कापसाचे गठ्ठे ओढणं. १९६४चा नागरी हक्क कायदा आल्यावर कुठे ती दारं उघडली. गोरा कामगार उपाशी असला तरी त्याचा तेवढा मान शिल्लक ठेवलेला होता, आणि मालकाला तो फुकटात पडत होता. आपण नाक मुरडू नये. मुंबईच्या गिरण्यांत कांडीचा, म्हणजे धोट्यातल्या रिळाचा, धागा तोंडानं ओढावा लागे, म्हणून विटाळाच्या नावाखाली दलित कामगाराला विणकाम खात्यात घेत नसत. बाबासाहेबांनी १९२८च्या संपाच्या वेळी हा मुद्दा लावून धरला होता.

आता सासूबाईंच्या गप्प होण्याबद्दल. १९३६च्या मार्चमध्ये कॅलिफोर्नियातल्या निपोमो गावाजवळ मटार तोडणाऱ्या मजुरांचा तळ पडला होता. थंडीनं मटार गेला, काम नाही. डोरोथिया लँग या सरकारी छायाचित्रकार बाईंनी तिथे एका बत्तीस वर्षांच्या आईचे फोटो काढले. त्यातला एक जगभर गेला. तुम्हीही पाहिला असेल : गालाला हात, दोन्ही खांद्यांवर तोंड लपवलेली मुलं. फोटो छापून आल्यावर सरकारनं त्या तळावर नऊ टनांच्या आसपास अन्न पाठवलं, पण तोवर ती बाई मुलांना घेऊन पुढे निघून गेली होती. लँगबाईंनी तिचं नाव विचारलं नव्हतं. ती चेरोकी या मूळ रहिवासी जमातीतली, हेही फोटो बघून हळहळणाऱ्यांना कित्येक वर्षं कळलं नाही. १९७८मध्ये एका बातमीदारानं तिला शोधून काढलं. ती म्हणाली, हा फोटो काढलाच नसता तर बरं झालं असतं. लँगबाईंनी लिहिलं होतं, की कुटुंबानं गाडीचे टायर विकून खाणं आणलं. ते मुलांना फार लागलं होतं. आम्ही टायर विकले नाहीत, असं ती मुलं म्हातारी होईपर्यंत सांगत राहिली. बघा, भूक त्यांनी नाकारली नाही. टायर नाकारले. टायर विकले म्हणजे उद्या कामाच्या शोधात निघायची आशाही विकली, असा अर्थ होतो ना!

माझ्या आईचा असाच एक फोटो निघता निघता राहिला. १९७२. दुष्काळी कामावर ती खडी फोडत होती. गावातले चांगले वाडेवालेही त्या वर्षी घमेलं घेऊन आले होते, त्यामुळे कामाची लाज अशी कुणाला राहिली नव्हती. सुकडी मिळायची. रेशनला मिलो मिळायची, ती लाल ज्वारी, आठवत असेल तुमच्या सासूबाईंना. भाकरी थापताना तुटायची. ती अमेरिकेहून यायची आणि तिकडे ती जनावरांना घालतात, हे गावात सगळ्यांना कुजबुजत माहीत झालं होतं. (तुमचा मुलगा राहतो त्या कॅन्ससमध्ये ती आजही मुबलक पिकते. त्याला सांगा.) एक दिवस कामावर शहरातून कुणी कॅमेरा घेऊन आला. आईनं पदर तोंडावर ओढला आणि पाठ फिरवून खडी फोडत राहिली. रात्री म्हणाली, "कामाची लाज न्हाई. पण माजं तोंड घिऊन त्यो जाणार कुटं?"

तेव्हा सासूबाईंना "तुम्ही फार गरीब होतात का हो?" असं विचारू नका. ते कॅमेरा घेऊन येण्यासारखं होईल. भाजी निवडत जवळ बसा आणि शिक्का कशानं काढायच्या तेवढं विचारा. चुना, राख, धुण्याचा सोडा, प्रत्येक घराची रीत वेगळी होती. मलाही लिहून कळवा. आईची रीत विचारायची राहून गेली माझी.

प्रश्न : अमेरिकेत कोळशाच्या खाणीतल्या मजुरांना सरकारी पैसा न देता कंपनी स्वतःची नाणी देत असे, असं वाचलं. खरं आहे का?
— एक वाचक, बार्शी

उत्तर : खरं आहे. वेस्ट व्हर्जिनिया, केंटकी या डोंगराळ भागांत हे सर्रास चालायचं. पितळेचे नाहीतर ॲल्युमिनियमचे बिल्ले, त्यावर कंपनीचं नाव. पगाराच्या आधी उचल मागितली की हे हातात पडत, आणि चालत ते कंपनीच्याच दुकानात. बाहेरचा दुकानदार घेतलेच तर दर पाडून घ्यायचा. घरही कंपनीचं असल्यामुळे संप केला की सामान रस्त्यावर. १९२१ साली वेस्ट व्हर्जिनियात ब्लेअर डोंगरावर सुमारे १०,००० खाणकामगार बंदुका घेऊन उभे राहिले, गळ्यात लाल रुमाल बांधून. उन्हात मान भाजलेल्या शेतकऱ्याला 'लाल मानेचा' म्हणून हिणवत. या लोकांनी ती शिवी रुमालासारखी गळ्यात घातली. मला हे फार आवडतं.

प्रश्न : आम्ही रेशनचं मोफत धान्य घेतो. आजोबा म्हणतात, फुकटचं खाऊन मान घालवू नये. त्यांचं बरोबर आहे का?
— बारावीचा विद्यार्थी, अक्कलकोट रोड

उत्तर : आजोबांशी वाद घालू नकोस, पण तुला म्हणून सांगते. मंदीच्या काळात अमेरिकेतल्या खेड्यांतली माणसंही हेच म्हणत. म्हणून १९३३मध्ये तिथल्या सरकारनं बेकार तरुणांना जंगलात झाडं लावायला, बांध घालायला नेलं. महिना ३० डॉलर, त्यातले २५ थेट घरी. मुलगा कमावतो म्हणताना आईबापांची मान ताठ. आपली रोजगार हमी याच जातीची.

पण त्याच १९३३मध्ये दुसरंही घडलं. कापसाचा भाव चढावा म्हणून सरकारनं जमीनमालकांना कापूस न पिकवण्याचे पैसे दिले. त्यांतले वाटेकऱ्यांच्या हाती फारसे लागले नाहीत. उलट जमीन पडीक ठेवायची, तर वाटेकरी कशाला, म्हणून अनेकांना हाकललं. त्या मालकांना कुणी फुकटे म्हटलं नाही. तो चेक, आणि गरिबाला मिळालं ते दान! आर्कान्सातल्या टायरोन्झा गावात १९३४च्या जुलैत अकरा गोरे आणि सात काळे एका खोलीत बसले आणि वाटेकऱ्यांची एकच संघटना काढली. त्या काळात, त्या गावात, एका खोलीत. तेव्हा मान कशानं जातो हे त्यांना तुझ्या-माझ्यापेक्षा जास्त कळत असणार.

तुझं धान्य २०१३च्या अन्नसुरक्षा कायद्यानं मिळतं, कुणाच्या मेहरबानीनं नाही. पुढच्या महिन्यात पिशवी आजोबांच्या हातात दे आणि दुकानात त्यांनाच पाठव. रांगेत त्यांच्या वयाचे चार जण भेटतील, आणि बहात्तर सालची मिलो निघाली की दुपार होईल त्यांना परत यायला.