वाचक विचारतात : ठासणीची बंदूक, सहाबारी रिव्हॉल्व्हर आणि अमेरिकेतली यादवी

मागच्या अंकात अमेरिकेच्या यादवी युद्धावर पानभर मजकूर होता, त्यात सैनिकांच्या बंदुकांचा विषय दोन ओळींत उरकला होता आणि नेमकी त्यावरच नाशिक आणि आजूबाजूच्या वाचकांची इतकी पत्रं आली की यावेळचं अख्खं सदर त्यालाच देतोय. ज्यांनी तो अंक पाहिला नसेल त्यांच्यासाठी थोडक्यात, गुलामगिरी टिकवायची म्हणून दक्षिणेतली राज्यं फुटून निघाली आणि उत्तरेशी १८६१ ते १८६५ अशी चार वर्षं लढली, सहा लाखांच्या वर सैनिक गेले, त्यातले निम्म्याहून जास्त तर आजारपणानेच.

काका, काउबॉयच्या पिक्चरमध्ये हिरो रिव्हॉल्व्हर काढतो आणि धडाधड गोळ्या मारत सुटतो. त्या युद्धात सगळ्या सैनिकांकडे तसलं रिव्हॉल्व्हर होतं का? रिलोड करायला किती वेळ लागायचा?
(आठवीतला वाचक, सातपूर)

सगळ्यांकडे नव्हतं रे. रिव्हॉल्व्हर मुख्यतः घोडदळाकडे आणि अधिकाऱ्यांकडे असायचं. पायदळात भरती झालेली बरीच पोरं सुरुवातीला हौसेने स्वतःच्या पैशाने घेऊन यायची, पण रोज मैलोन् मैल चालायचं, खांद्यावर चार किलोची बंदूक, पाठीवर बोचकं, वर कमरेला आणखी सव्वा किलोचं लोखंड, मग थोड्याच दिवसांत ते घरी पाठवून द्यायचे नाहीतर विकून टाकायचे.

सगळ्यात जास्त चाललं ते कोल्ट कंपनीचं १८६० चं आर्मी मॉडेल, ०.४४ इंचाचं, सहाबारी. त्याआधीचं १८५१ चं नेव्ही मॉडेल ०.३६ इंचाचं, तेही खूप लोकप्रिय होतं, दक्षिणेचे सरसेनापती रॉबर्ट ली यांच्याकडेही नेव्हीच होतं. तिसरं नाव रेमिंग्टनचं. १८६४ च्या फेब्रुवारीत कोल्टच्या हार्टफर्डच्या कारखान्याला मोठी आग लागली आणि त्यानंतर उत्तरेच्या सरकारने रेमिंग्टनवरच भर दिला.

आता रिलोडचं. तुला वाटतं तशी पितळी काडतुसं भराभर आत सरकवायची सोय या रिव्हॉल्व्हरांत नव्हतीच. सहाच्या सहा कप्प्यांत आधी दारू घालायची (किंवा कागदी पुडीतली दारूगोळी अख्खीच), त्यावर शिशाची गोळी, मग नळीखालची दांडी ओढून ती गोळी आत दाबायची, असं सहा वेळा, आणि मग रिव्हॉल्व्हर उलटं करून मागच्या प्रत्येक टोकावर तांब्याची इवलीशी टोपी बसवायची, तीही सहा वेळा. दिवाळीत तू टिकल्यांची बंदूक उडवतोस ना, घोडा टिकलीवर आपटला की ठिणगी पडते, तसंच काम ती टोपी करते, फक्त तिची ठिणगी मागच्या भोकातून आतल्या दारूपर्यंत जाते. काही जण गोळीच्या वर चरबी थापायचे, कारण एका कप्प्याची आग शेजारच्या कप्प्यात गेली तर हातातच दोन-तीन बार एकदम उडायचे. हे सगळं घोड्यावर बसून, समोरून गोळ्या येत असताना! म्हणून भरत बसण्यापेक्षा दुसरं रिव्हॉल्व्हर काढणं सोपं, आणि मिसुरीतले घोडेस्वार गनिमी टोळीवाले तर प्रत्येकी तीन-तीन, चार-चार रिव्हॉल्व्हर बाळगायचे. तेव्हा पिक्चरमधल्या हिरोचे सहा बार मोजत जा, सातवा आला की समज.

रिव्हॉल्व्हर आणि पिस्तूल एकच का?
(एक वाचक, पंचवटी)

बोलताना आपण एकच म्हणतो. रिव्हॉल्व्हरमध्ये गोळ्यांचं गोल चाक असतं आणि ते फिरतं. पिस्तुलात (म्हणजे आजच्या अर्थाने) गोळ्या मुठीतल्या मॅगझिनमध्ये असतात आणि एक उडाली की तिच्याच धक्क्याने पुढची नळीत येते. नाशिककरांना जवळचं उदाहरण म्हणजे २१ डिसेंबर १९०९ ला विजयानंद थिएटरात अनंत कान्हेरे यांनी कलेक्टर जॅक्सनवर गोळ्या झाडल्या ते ब्राउनिंग पिस्तूल होतं, रिव्हॉल्व्हर नव्हे. अमेरिकेच्या यादवीच्या वेळी असली पिस्तुलं जन्मालाच आली नव्हती.

सात आणि सोळा बारांच्या रायफली तेव्हा निघाल्या होत्या असं मुलांना शिकवताना वाचलं. मग लाखो सैनिकांना एकबारी ठासणीची बंदूक का दिली?
(एक शिक्षिका, सिन्नर)

बाई, सगळ्या पत्रांत मला हा प्रश्न सगळ्यात जास्त आवडला, म्हणून जरा सविस्तर लिहितो.

निघाल्या होत्या हे खरंच आहे. ख्रिस्तोफर स्पेन्सर यांच्या रायफलीत दस्त्यातल्या नळकांड्यात सात काडतुसं मावायची, खालची दांडी खाली-वर केली की नवं काडतूस आत. हेन्री रायफलीत तर नळीखाली सोळा. दक्षिणेचे सैनिक हेन्रीबद्दल म्हणायचे म्हणतात, की हे लोक रविवारी बंदूक भरतात आणि आठवडाभर झाडत बसतात. १८६३ च्या ऑगस्टमध्ये स्पेन्सर स्वतः लिंकनना भेटले आणि लिंकननी मैदानात उभं राहून ती रायफल चालवून पाहिली.

तरीपण युद्ध लढलं गेलं ते ठासणीच्या बंदुकीवरच. उत्तरेची मुख्य बंदूक स्प्रिंगफील्डची १८६१ ची, ०.५८ इंचाची, साडेचार फुटांहून लांब, नळीच्या तोंडातून भरायची. कागदी पुडी दातांनी फाडायची, दारू नळीत ओतायची, वरून गोळी, गजाने ठासायची, गज परत जागेवर, मग घोडा अर्धा मागे घेऊन टोपी बसवायची, घोडा पूर्ण ओढायचा, नेम धरायचा आणि चाप. कवायतीच्या पुस्तकात याचे नऊ टप्पे होते. चांगला तयार शिपाई मिनिटाला तीन बार काढायचा. भरतीच्या वेळी समोरचे दात बघायचे ते याचसाठी, पुडी फाडता आली पाहिजे. इगतपुरीकडे एका शेतकऱ्याकडे पिकाच्या राखणीची परवान्याची ठासणीची बंदूक आहे, ती त्यांना भरताना मी पाहिलीय, घरच्या अंगणात, कुणीही घाई करत नसताना त्यांना दीड मिनिट लागलं, तेव्हा मिनिटाला तीन म्हणजे काय हे मला पहिल्यांदा नीट कळलं.

मग चांगली रायफल असून दिली का नाही? उत्तरेच्या शस्त्र खात्याचे प्रमुख जेम्स रिप्ली यांचा या नव्या बंदुकांना विरोध होता आणि पुस्तकांतून बहुतेक सगळा दोष त्यांच्यावरच टाकतात. मला तो पूर्ण पटत नाही. त्यांची काळजी अशी की शिपाई भराभर गोळ्या उडवणार आणि बैलगाड्या-खेचरगाड्यांनी एवढा दारूगोळा आघाडीवर पोचवायचा कसा? युद्ध सुरू झालं तेव्हा लाखोंना ताबडतोब हातात काहीतरी द्यायचं होतं, आणि स्प्रिंगफील्ड बनवायची यंत्रं, माणसं, माप सगळं तयार होतं, सुटे भाग एकमेकांना बसायचे, लाखांच्या संख्येने बंदुका बाहेर पडत होत्या. हेन्री मात्र सगळ्या मिळून चौदा हजारांच्या आसपासच बनल्या. पण १८६३ नंतरही हात आखडता घेतला ते चुकलंच, असं माझं मत आहे, कारण तोवर पुरावा समोर होता. जॉन वाइल्डर या कर्नलच्या ब्रिगेडने सरकारची वाट न बघता स्पेन्सर मागवल्या, महिना तेरा डॉलर पगार असलेल्या शिपायांनी एकेका रायफलीचे पस्तीसच्या आसपास डॉलर स्वतःच्या पगारातून कापून द्यायची तयारी दाखवली, आणि जून १८६३ मध्ये टेनेसीतल्या हूवर्स गॅपला त्यांनी आपल्याहून मोठ्या फौजेला रोखून धरलं. शिपायाला बरोबर कळलं होतं, जीव त्याचा होता.

आणि दक्षिणेची अडचण बघा. त्यांच्या हाती पकडलेल्या स्पेन्सर लागायच्या, पण तिचं काडतूस तांब्याच्या कवचाचं, ते बनवायला ना पुरेसं तांबं ना यंत्रं, मग जिंकलेली रायफल काडतुसं संपली की काठी. म्हणून बंदुकीची गोष्ट सांगताना मुलांना आधी काडतुसाची गोष्ट सांगा असं मी म्हणेन. लोखंड-पोलादाची टंचाई इतकी की दक्षिणेतल्या जॉर्जिया राज्यात ग्रिसवोल्डच्या कारखान्यात कोल्ट नेव्हीची नक्कल करताना सांगाडा पितळेचा केला, साधारण ३,६०० रिव्हॉल्व्हर तिथे बनली आणि ती बनवणारे हात बहुतेक गुलामांचे होते. ज्यांना गुलाम ठेवण्यासाठी लढाई चालली होती त्यांच्याच हातून त्या लढाईची हत्यारं घडवून घेतली, हे वर्गात जरूर सांगा, मुलं विसरणार नाहीत.

त्या युद्धात इतके हातपाय कापावे का लागले? बंदुका तर जुन्याच होत्या ना?
(नर्सिंगची विद्यार्थिनी, आडगाव)

बंदूक जुन्या पद्धतीने भरायची, पण गोळी नवी होती. नळीला आतून पिळाचे आटे असले की गोळी फिरत जाते आणि लांबवर सरळ जाते, हे आधीपासून माहीत होतं. पण आट्यांत घट्ट बसणारी गोळी ठोकून ठोकून आत घालावी लागायची. फ्रान्सच्या क्लोद मिनिए यांची गोळी नळीपेक्षा किंचित बारीक आणि बुडाशी पोकळ, त्यामुळे सुळकन आत जाते आणि बार झाला की दारूच्या वायूने तिचं बूड फुगून आट्यांत पकडतं. जुन्या सपाट नळीच्या बंदुकीचा नेम शंभर यार्डांपलीकडे म्हणजे नशिबाचा भाग, हिचा तीनशेच्याही पुढे लागायचा.

पण ती मऊ शिशाची, अंगठ्याच्या पेराएवढी जाड. हाडाला लागली की पसरायची आणि हाडाचा चुरा करायची, सोबत कपड्याच्या चिंध्या आणि माती जखमेत. जंतूंबद्दल कुणाला काही कळत नव्हतं, ब्रिटिश सर्जन लिस्टर यांचं जंतुनाशकाबद्दलचं लिखाण आलं १८६७ ला, युद्ध संपल्यावर. मग चुरा झालेलं हाड जोडण्यापेक्षा पाय लवकर कापला तर माणूस जगण्याची शक्यता जास्त, हा त्या डॉक्टरांचा अनुभव होता. त्यांना कसाई म्हणतात ते मला अन्यायाचं वाटतं. क्लोरोफॉर्म आणि इथर बहुतेक ऑपरेशनांत वापरलं जायचं, दातात गोळी धरून पाय कापल्याच्या गोष्टी बऱ्याचशा रंगवलेल्या आहेत.

या युद्धाचा आपल्या भागाशी काही संबंध?
(एक शेतकरी, निफाड)

कापूस. दक्षिणेची बंदरं उत्तरेने रोखली, इंग्लंडच्या गिरण्यांना अमेरिकेचा कापूस मिळेना, मग खानदेश-वऱ्हाडच्या कापसाला सोन्याचा भाव आला आणि मुंबईत पैशाचा पूर. थळ घाटातून रेल्वे १ जानेवारी १८६५ ला सुरू झाली आणि त्याच वर्षी युद्ध संपून कापसाचे भाव कोसळले, मुंबईतल्या बँका आणि शेअरवाले बुडाले. यावर स्वतंत्र लिहायला हवं.

आमच्या जुन्या वाड्यात माळ्यावर पणजोबांच्या वेळची लांब बंदूक सापडली. बाजूच्या लोखंडी पट्टीवर मुकुट आणि इंग्रजीत टॉवर असं कोरलंय. नातू म्हणतो अमेरिकेच्या युद्धातली आहे. खरं असेल का?
(एक आजोबा, भद्रकाली)

आजोबा, नातवाचा अंदाज अगदीच हवेतला नाही. टॉवर आणि मुकुट म्हणजे इंग्लंडची बंदूक, आणि बहुधा एन्फील्डच्या घराण्यातली. १८५३ ची एन्फील्ड, ०.५७७ इंचाची, अमेरिकेच्या दोन्ही बाजूंनी मिळून नऊ लाखांच्या आसपास विकत घेतली, स्प्रिंगफील्डनंतर तिचाच नंबर. दोघींच्या मापात फरक इतका थोडा की एन्फील्डची गोळी स्प्रिंगफील्डमध्ये चालून जायची.

आणि हीच ती १८५७ ची बंदूक. तिच्याच काडतुसाच्या चरबीवरून बराकपूरला मंगल पांडे उभे राहिले, मेरठ पेटलं, इकडे नांदूर शिंगोट्याला भागोजी नाईकांच्या भिल्लांनी इंग्रजांशी झुंज घेतली. जी पुडी दातांनी फाडण्यावरून आपल्याकडे रान उठलं तीच पुडी चार वर्षांनी अमेरिकेतली शेतकऱ्यांची पोरं दिवसाला चाळीस-चाळीस वेळा दातांनी फाडत होती, तोंडं दारूने काळीठिक्कर पडेपर्यंत. हे डोळ्यांसमोर आणलं की मला आजही अंगावर काटा येतो.

पण तुमची बंदूक अमेरिकेहून फिरून भद्रकालीत येण्यापेक्षा इथल्याच फौजेतून सुटलेली असण्याची शक्यता जास्त. १८५७ नंतर इंग्रजांनी देशी शिपायांना आट्यांची लांब पल्ल्याची बंदूक द्यायचं टाळलं, त्यांच्यासाठी तसलीच दिसणारी पण आतून सपाट आणि ०.६५६ इंच रुंद नळीची केली, म्हणजे शिपायाचा पल्ला गोऱ्या सोल्जरपेक्षा कमीच राहावा. नळीचं तोंड मोजून घेतलं आणि आत आटे आहेत का पाहिलं की बरंच कळेल.

मात्र हे बघायचं काम नातवाने करायचं नाही आणि तुम्हीही नाही. गेटिसबर्गची लढाई जुलै १८६३ मध्ये झाली, तिथे मैदानात पडलेल्या २७,५७४ बंदुका गोळा केल्या, त्यातल्या जवळपास २४ हजार भरलेल्या निघाल्या. निम्म्यांत एकावर एक दोन बार, पाव भागात तीन ते दहा, आणि एकीत तर तेवीस. आवाजात, धुरात, भीतीने पोरांना आपला बार उडाला की नाही हेच कळत नव्हतं, टोपी लावायची राहायची आणि ते ठासतच राहायचे. ठासणीची बंदूक बाहेरून बघून भरलेली आहे की रिकामी हे समजत नाही, आणि काळी दारू कोरडी राहिली तर शंभर वर्षांनीही पेटते.

तेव्हा घोडा ओढून बघू नका, चाप दाबू नका, नळी गरम करू नका, गंज काढायला घासू नका. आहे तशी आडवी ठेवा, तोंड भिंतीकडे, खोलीला कुलूप, आणि आधी जवळच्या पोलीस ठाण्यात कळवा, कारण जुनी झाली तरी परवान्याचा प्रश्न येतो. त्यांच्यामार्फत बंदुका दुरुस्त करणारा माहीतगार माणूस येईल, तो गज आत घालून बाहेरून नळीची लांबी जुळवून बघेल. गज चार-सहा बोटं कमी गेला तर समजा आत कुणाचा तरी बार अजून आहे. काय निघालं ते मला जरूर कळवा.