शेतकरी कामगार पक्ष हा काँग्रेसवर रुसलेल्या मराठा पुढाऱ्यांचा गट होता का? आणि तो इतका लहान का झाला?

पुणे, सातारा, सोलापूरपुरता विचार केला तर आपल्या प्रश्नात तथ्य आहे. केशवराव जेधे आणि शंकरराव मोरे यांनी १९४७ मध्ये काँग्रेसच्या आतच शेतकरी कामगार संघ उभा केला, १९४८ मध्ये काँग्रेस सोडून त्याचा स्वतंत्र पक्ष झाला, १९५० मध्ये मालेगाव तालुक्यातील दाभाडी येथे पक्षाने ‘दाभाडी प्रबंध’ मांडून मार्क्सवाद-लेनिनवादाची भूमिका घेतली आणि त्यानंतर काही वर्षांतच खुद्द जेधे काँग्रेसमध्ये परतले. मात्र हाच संपूर्ण पक्षाचा इतिहास म्हणून सांगितला जातो तेव्हा आमच्यासारख्यांना ते लागते. जुन्या कुलाबा, म्हणजे आजच्या रायगड, जिल्ह्यात हा पक्ष आगरी कुळांचा होता. नारायण नागू पाटील यांच्या नेतृत्वाखाली चरीच्या शेतकऱ्यांनी १९३३ पासून सुमारे सहा वर्षे खोतांच्या, म्हणजे जमीनदारांच्या, जमिनी कसण्यास नकार दिला होता, त्यामुळे पक्ष स्थापन होण्याआधीच येथील माणसे लढ्यात तयार झालेली होती. काँग्रेसवर रुसण्याइतकी जवळीक त्यांची काँग्रेसशी कधी नव्हतीच.

मी उरण तालुक्यातला. आमची भातशेती होती आणि वडील हंगाम संपला की मिठागरावर कामाला जात. १९७० नंतर नवी मुंबईसाठी ठाणे, पनवेल आणि उरण भागातील ९५ गावांच्या जमिनी संपादित होऊ लागल्या, तेव्हा पक्षाचे नेते दि. बा. पाटील यांच्या सभांना वडील नियमाने जात. जानेवारी १९८४ मध्ये या जमिनींच्या मोबदल्यासाठीच्या जासईच्या आंदोलनासाठी गावातील माणसे निघाली, त्यांत तेही होते. १६ आणि १७ जानेवारीला दास्तान फाटा आणि नवघर-पागोटे परिसरात पोलिसांनी गोळीबार केला व पाच शेतकरी हुतात्मा झाले. वडील घरी परतेपर्यंत ते जिवंत आहेत की नाहीत हे आम्हाला ठाऊक नव्हते. आईने चूल पेटवली नाही आणि आम्हा मुलांना ओटीवरून खाली उतरू दिले नाही. परतल्यावर वडिलांनी गोळीबाराविषयी फारसे काही सांगितले नाही. मोर्च्यात पुढे उभ्या राहिलेल्या बायकांविषयी मात्र ते पुढे अनेक वर्षे सांगत राहिले.

दाभाडीचा प्रबंध त्यांनी वाचला नव्हता. परंतु पक्षाच्या अभ्यासवर्गात शिकवलेली एक गोष्ट त्यांना पक्की समजली होती: आपल्याला मोबदला एकरावर मिळतो आणि तीच जमीन पुढे चौरस मीटरवर विकली जाते, तर मधला फरक कोणाचा? माझ्या मते मार्क्सवाद महाराष्ट्रातील शेतकऱ्याला इतक्या सोप्या रीतीने दुसऱ्या कोणी समजावून दिलेला नाही. ज्याची जमीन गेली त्याला विकसित जमिनीत वाटा मिळालाच पाहिजे, हे साडेबारा टक्के भूखंडाच्या योजनेचे (संपादित जमिनीच्या साडेबारा टक्के विकसित भूखंड मूळ मालकाला परत) तत्त्व याच हिशेबातून आले, आणि १९९० च्या दशकात ते प्रत्यक्षात उतरू लागले.

माझा चुलत भाऊ प्रत्येक लग्नकार्यात म्हणतो की शेकापने (शेतकरी कामगार पक्षाने) मोर्चे काढण्यापलीकडे काही केले नाही आणि वडीलधारी मंडळी सत्ताधाऱ्यांबरोबर राहिली असती तर घरटी एकाला नोकरी मिळाली असती. सत्ताधारी तर तेव्हाही होतेच. जमिनी त्यांच्याच राजवटीत गेल्या. ज्या घरात बसून तो हे बोलतो, ते घर त्याच योजनेतील भूखंडावर उभे आहे.

आता पक्ष लहान का झाला, याकडे येतो. यशवंतराव चव्हाणांनी बहुजन समाजातील नेतृत्व काँग्रेसकडे ओढून घेतले आणि १ मे १९६० रोजी महाराष्ट्र राज्य झाल्यावर पक्ष ज्यात सामील होता त्या संयुक्त महाराष्ट्र समितीचे बळही ओसरले, हे सर्वश्रुत आहे. पुढे उरले ते बालेकिल्ले: रायगड, गणपतराव देशमुखांचे सांगोला, केशवराव धोंडग्यांचे कंधार. रायगडबद्दल मी स्पष्टच सांगतो. भूखंड मिळाले, न्हावा-शेवाचे बंदर आले, आणि कुळांची मुले मातीच्या भरावाची व वाहतुकीची कामे घेणारे ठेकेदार झाली. ठेकेदाराला सत्तेच्या जवळ राहावेच लागते. बंदरात आणि गोदामांत कंत्राटावर राबणाऱ्या नव्या मजुरांमध्ये पक्षाने पूर्वीच्या जिद्दीने काम केले असते, तर त्याच्या नावातील ‘कामगार’ हा शब्द आज जिवंत असता.

तरीही २००८ मध्ये महामुंबई विशेष आर्थिक क्षेत्राच्या विरोधात पक्षाचे ज्येष्ठ नेते एन. डी. पाटील उभे राहिले आणि हेटवणे धरणाच्या लाभक्षेत्रातील गावांचा कौल घेणे सरकारला भाग पडले. तो प्रकल्प झाला नाही, ती जमीन शेतकऱ्यांकडे राहिली. विधानसभेतील आमदार मोजणाऱ्यांच्या हिशेबात हे कुठेच येत नाही.

घराणेशाहीचा आरोप रायगडात खोटा नाही, आणि दि. बा. स्वतः उत्तरायुष्यात शिवसेनेत गेले, तेही नोंदवले पाहिजे. सांगोल्यात गणपतराव अकरा वेळा निवडून आले, पण २०२४ मध्ये तेथून पक्षाचा जो एकमेव आमदार विधानसभेत गेला, तो त्यांचा नातूच. मराठवाड्यातील पक्षाची घडण वेगळी होती, तेव्हा माझे म्हणणे तिकडे जसेच्या तसे लावू नये.

आपण या विषयावर लिहिणार असाल तर पुढाऱ्यांच्या मुलाखतींपूर्वी जासई, चिर्ले, पागोटे येथील वयस्कर स्त्रियांशी बोला. शेकापने काही दिले नाही असे तेथील एखाद्या बंगल्याचा मालक म्हणालाच, तर त्याच्या भूखंडाचे इरादापत्र (भूखंड देऊ करणारे सरकारी पत्र) पाहायला मागा. जमीन कोणत्या योजनेखाली मिळाली ते त्यावर लिहिलेले असते.