एकहाती माहितीपट : कुठलं काम आपलं, कुठलं दुसऱ्याचं?

प्रश्न : ऊसतोड मजुरांवर माहितीपट करतो आहे. दिग्दर्शन, कॅमेरा, ध्वनी, संकलन सगळं एकटाच बघतो. चित्र ठीक येतं, पण मुलाखतींचा आवाज वाया जातो. घर लग्नाच्या शूटिंगवर चालतं. काय सोडावं, काय धरावं?
– एक वाचक, बीड

उत्तर : एकट्या माणसाचं लक्ष चित्राकडे असतं, म्हणून आधी आवाज बिघडतो. कॅमेऱ्यातला ऑटो गेन, म्हणजे आवाज आपोआप कमी-जास्त करणारी सोय, बंद करा. बोलणारा थांबला की ऑटो गेन मागच्या ट्रॅक्टरचा आवाज वर खेचतो, बोलू लागला की दाबतो. हा चढउतार संकलनात नीट निघत नाही. बोलण्याची पातळी उणे 12 डेसिबलच्या आसपास ठेवा आणि हेडफोन कानावरून काढू नका. कॉलर माइक हनुवटीखाली वीतभर लावा. मंगळसूत्र त्यावर आपटत नाही ना, पदर घासत नाही ना, ते ऐकून बघा. फडात वारा असतो, तिथे नुसता फोम पुरत नाही, केसाळ कव्हर हवं. मुलाखत संपली की कोणी न बोलता त्या जागेचा मिनिटभर आवाज घ्या. काटछाटीतल्या फटी त्यानेच बुजतात.

कोपीतला (मजुरांच्या झोपडीतला) दिवा चित्रात लुकलुकत असेल तर सेकंदाला 25 फ्रेमला शटर 1/50 सेकंद ठेवा. स्वस्त एलईडी तरीही त्रास देतो, मग 1/100 करून पाहा. सेकंदाला 100 मेगाबिटने चित्रण केलं तर तासाला साधारण 45 जीबी लागतात. दोन हार्डडिस्कवर प्रती घ्या, त्या उघडून पाहा, मगच कार्ड पुसा. एक डिस्क दुसऱ्या घरी ठेवा.

संमतीचं काम मात्र कुणावर सोपवू नका. मुकादमाकडून होकार घेऊ नका. त्याची उचल (आगाऊ रक्कम) अंगावर असलेला कोयता, म्हणजे ऊस तोडणारं जोडपं, नाही म्हणूच शकत नाही. नवरा आणि बायको, दोघांना वेगवेगळं विचारा. वाचता येत नसेल तर मजकूर वाचून दाखवा आणि होकार कॅमेऱ्यात घ्या.

संकलनाचा पहिला कच्चा आराखडा तुम्हीच करा. पुढे मात्र बाहेरचा संकलक हवा, कारण कष्टाने मिळालेला शॉट आपल्या हातून कापला जात नाही. पैसे एकाच कामापुरते असतील तर ते ध्वनिमिश्रणाला द्या. आनंद पटवर्धन यांनी अनेक माहितीपटांत दिग्दर्शन, कॅमेरा आणि संकलन स्वतः केलं आहे. पण ‘जय भीम कॉम्रेड’ला (2011) सुमारे 14 वर्षं लागली, हेही हिशोबात धरा.

म्हणून वर्षाची आखणी आधी करा. गळीत हंगाम दिवाळीच्या आसपास सुरू होतो आणि तुळशीच्या लग्नानंतर लग्नंही. दोन्ही धराल तर दोन्ही अर्धवट होतील. नोव्हेंबर ते जानेवारी फडावर राहा, एप्रिल-मेच्या तिथी कमाईसाठी घ्या, पावसाळ्यात संकलनाला बसा. लग्नाच्या आगाऊ रकमेतून डिस्क आणि प्रवासाचे पैसे त्याच दिवशी वेगळे काढा.