समंध म्हणा, वेताळ कशाला?

गोरेगावची एक मैत्रीण लहान मुलांसाठी ऑडिओ गोष्ट लिहितेय. त्यात एक मांत्रिक बुडून मेलेल्या सात खलाशांचे आत्मे कणकेसारखे एकत्र मळतो आणि त्यातून एकच प्राणी उभा करतो. तिचा प्रश्न असा की ह्याला मराठीत म्हणायचं काय? तिने लिहिलं होतं 'संयुक्त आत्मा', स्टुडिओवाल्यांनी ते खोडून 'वेताळ' करून टाकलं.

हे वेताळ प्रकरण आता खरंच डोक्यात जातं. कुठलीही डब केलेली सिरीज बघा, काहीही विचित्र दिसलं की वेताळ. अहो वेताळ म्हणजे भुतांचा राजा, प्रेतात शिरणारा, आणि कोकणात तर तो ग्रामदेव आहे, आरवलीच्या वेतोबाला लोक केळ्यांचे घड आणि चामड्याच्या भल्यामोठ्या चपला वाहतात, त्याला मांत्रिकाने मळलेला गोळा कसं म्हणता? खवीस अरबीतून आला, जखीण यक्षिणीवरून, ह्यातही कुठे जोडाजोडी नाही. 'संयुक्त आत्मा' चुकीचं नाही पण सरकारी फॉर्मवरचं वाटतं, सात वर्षांचं पोर त्याला घाबरणार नाही.

आपल्याकडे शब्द तयार आहे, समंध. आजी म्हणायची ना, पिंपळावर समंध आहे, त्याला समंधाने धरलंय. कोशात बघायला गेलं तर ब्राह्मणाचं भूत किंवा निर्वंश मेलेल्याचं भूत असलं काहीतरी सापडतं, म्हणजे मेलेल्याची जात सांगितली, वारस नव्हता हे सांगितलं, आणि शब्दाच्या पोटात काय आहे ते राहिलंच. समंध म्हणजे संबंध! सम् आणि बंध, एकत्र बांधणं. माणूस गेला पण घराशी, पैशाशी, कुणा माणसाशी असलेली गाठ सुटली नाही, आणि ती न सुटलेली गाठच झाडावर जाऊन बसली. भुताला गाठीचं नाव देणारी भाषा आहे आपली, मला हे इतकं आवडतं की मी भेटेल त्याला सांगत सुटतो.

शाळेत आम्हाला एका सरांनी सम अधिक अंध अशी फोड सांगितली होती, तिला काहीही आधार नाही. दुसरा आक्षेप मात्र वजनदार आहे, भाषाशास्त्र शिकवणाऱ्या एका गृहस्थांनी तो माझ्याशी वाद घालताना काढला. ते म्हणाले मराठी 'ब' सोडत नाही, हिंदीत आम आणि नीम झालं तरी आपल्याकडे आंबा आणि लिंब राहिलं, मग संबंधातला ब गेला कुठे? साहेब, राहता त्या शहराचं नाव ऐका की. जात्यावरच्या ओव्यांत मुंबईची ममई होते, मालवणी माणूस अजून मुमय म्हणतो, तिथे ब कुठे गेला? आणि गावाकडे भांडणात 'तुझा काय समंध?' म्हणतात तेव्हा कुणी भुताची चौकशी करत नसतं. ग्रंथात ब टिकतो, तोंडात विरघळतो, आणि भुतांची नावं तोंडातूनच आलीत, पोथीतून नाही.

तर सात जणांची गाठ बांधून केलेला तो समंध, आणि नुसत्या समंधाने एकच भूत वाटेल म्हणून 'सातसमंध' म्हणा. परंपरेत समंध एकाच माणसाचा असतो हे मला मान्य आहे, पण शब्दात जोडणं आधीपासून आहे, तुम्ही ते फक्त बाहेर काढताय.

'आत्मे' मात्र काढून टाका. अद्वैत वेदान्तात आत्मा एकच, तो मळायचा कशात? अनेक असतात ते जीव. सात जीव एका जिवात. आणि आपल्याकडे तर 'जीवात जीव आला' म्हणायची पद्धतच आहे, त्या मांत्रिकाच्या तोंडी हे वाक्य शब्दशः घाला, अंगावर काटा येईल.

अजून एक, हा प्राणी बोलणार असेल तर त्याला 'मी' म्हणायला लावू नका. हिंदीतलं 'हम' दोन्हीकडे चालतं, आपल्याकडे आम्ही वेगळं, आपण वेगळं. मांत्रिकाशी बोलताना तो 'आम्ही' म्हणेल, आतल्या आत सातजण एकमेकांना 'आपण' म्हणतील. आणि गोष्टीत कधी सहाजण सातव्याशी बोलताना 'आपण' सोडून 'आम्ही' म्हणाले, की आत फूट पडलीय हे निवेदकाने सांगायची गरज नाही, पोरांना ते ऐकूनच कळेल.