टाउनशिप म्हणजे गावकी

एका वाचकाचा प्रश्न: ‘न्यू जर्सीतल्या वॉलपॅक टाउनशिपचं क्षेत्रफळ सुमारे २४ चौरस मैल आणि लोकसंख्या ७, असं वाचलं. ही छपाईची चूक आहे का? सात माणसांच्या जागेला टाउनशिप कसं म्हणतात? आणि मराठीत काय लिहायचं, नगरी की वसाहत?’

चूक नाही. २०२० च्या जनगणनेत तिथं ७ माणसंच मोजली गेली. २०१० मध्ये १६ होती, २००० मध्ये ४१. आणि नगरीही लिहू नका, वसाहतही लिहू नका.

हा घोळ बिल्डरांच्या जाहिरातींनी घातला आहे. दहा-बारा टॉवर, एक क्लबहाउस, फाटकावर पहारेकरी, की झाली टाउनशिप! ‘आम्ही टाउनशिपमध्ये राहतो’ हे वाक्य मी आठवड्यातून चारदा ऐकतो आणि प्रत्येक वेळी कानाला खुपतं. सरकारी मराठीनं त्यावर ‘एकात्मिक नगर वसाहत’ हा तोडगा काढला. हा शब्द बनवणाऱ्यांशी माझं अजिबात जमत नाही. नगर ते नगर, वसाहत ती वसाहत. दोन्ही एकापुढे एक ठेवून तिसरा अर्थ निघत नाही, आणि मूळ शब्दात यातलं एकही नाही.

मूळ शब्दात आहे कुंपण. जुन्या इंग्रजीत ‘टून’ म्हणजे कुंपण घातलेली जागा; मग त्या कुंपणातलं घर आणि वाडगं; मग अशा घरांचा पुंजका; आणि फार उशिरा, शहर. जर्मन भाषेत याच शब्दाचा सख्खा भाऊ ‘त्साउन’ आजही निव्वळ कुंपण या अर्थानं नांदतो. डचमध्ये तोच शब्द बागेसाठी उरला आहे. कुंपण, बाग, वस्ती! हा प्रवास ओळखीचा वाटत नाही? संस्कृत ‘वाट’ म्हणजे कुंपण, आवार (रस्ता नव्हे, ती वाट निराळी). मुळाशी ‘वृ’, वेढणे. गुजरातीत ‘वाड’ अजूनही कुंपणच आहे, हिंदीत ‘बाड़’. त्यातूनच वाटिका, म्हणजे बाग. त्यातूनच आपला वाडा आणि आपली वाडी. नारळी-पोफळीची वाडी ही बाग, आणि सावंतवाडीतली वाडी ही वस्ती. बंगालीत ‘बाडी’ म्हणजे थेट घर. इंग्रजांच्या टूननं जी तीन घरं घेतली, तीच तीन आपल्या वाडीनं घेतली, कोणी कोणाकडून उसनं न घेता. शब्दांचं मूळ वेगळं आणि वाट एकच. असा जोड सापडला की दिवसभर दुसरं काही सुचत नाही.

इथं हमखास कोणीतरी म्हणतं, ‘अहो, टाउन हा तर आपल्या स्थानाचा अपभ्रंश!’ नाही. आणि हे ठासून सांगणाऱ्यांत भाषेवर व्याख्यानं देणारी मंडळीही आहेत, म्हणून जरा जोरात सांगतो: नाही. आपल्या ‘स्था’मधला ‘स’ इंग्रजीत नाहीसा होत नाही आणि त्यातला ‘त’वर्गही जागचा हलत नाही. स्थाचे इंग्रजी नातेवाईक स्टँड आणि (होमस्टेडमधलं) स्टेड हे आहेत, तिथं ‘स्ट’ धडधडीत शाबूत आहे. टाउनमध्ये ‘स’ कधीच नव्हता. नुसत्या कानाला सारखं लागलं म्हणून सोयरीक जुळत नाही.

आता ‘शिप’. खरी गंमत इथं आहे आणि सगळे नेमकी हीच ओलांडून जातात. फ्रेंडशिप म्हणजे मित्र असण्याची अवस्था, लॉर्डशिप म्हणजे अधिकार, रीडरशिप म्हणजे वाचकांचा समुदाय. आपल्याकडे एवढी तिन्ही कामं एकट्यानं करणारा प्रत्यय कोणता? ‘की’. माणुसकी ही अवस्था, पाटीलकी हा अधिकार, भावकी हा समुदाय. मग टाउनशिप म्हणजे? गावकी!

हा माझा लाडका सिद्धांत खरा, पण त्याला आधार आहे. जुन्या इंग्रजीत ‘टूनशिपे’ हा शब्द जमिनीसाठी नव्हताच, तो गावातल्या माणसांसाठी होता. आठव्या शतकातल्या बीड या ख्रिस्ती साधूच्या लॅटिन इतिहासाचं जुनं इंग्रजी भाषांतर आहे. त्यात दोन धर्मप्रचारकांच्या हत्येचा सूड म्हणून एक सरदार गावकऱ्यांना मारतो आणि गाव जाळतो. तिथं लॅटिनमधल्या गावकऱ्यांसाठी टूनशिपे हा शब्द आला आहे. म्हणजे मारली गेली ती टाउनशिप, आणि जळालं ते टाउन. आधी माणसं, जमिनीचा अर्थ मागाहून चिकटला. गोव्याच्या गांवकारीतही असंच आहे: मूळ गावकरांचा समुदाय आणि त्यांची सामाईक जमीन, दोन्ही एका शब्दात. कोकणातली गावकी तर अजून बैठका घेते.

अमेरिकेत या शब्दाला दोन फाटे फुटले. एक निव्वळ मोजणीचा. १७८५ च्या कायद्यानं ओहायोपासून पश्चिमेकडची जमीन सहा मैल बाय सहा मैलांच्या चौकोनांत कापायची ठरली. एका चौकोनाचे ३६ भाग, प्रत्येक भाग ६४० एकरांचा, आणि सोळावा भाग शाळेसाठी राखीव. त्या चौकोनाचंही नाव टाउनशिप, तिथं एकही माणूस राहत नसला तरी. ही मोजणी ६६ फुटी साखळीनं झाली. आपला गुंठा ३३ बाय ३३ फुटांचा, म्हणजे बाजू बरोबर त्या साखळीच्या निम्मी, हे सातबारा हाताळणाऱ्यांनी लक्षात घ्यावं.

दुसरा फाटा कारभाराचा, आणि वॉलपॅक त्यातलं. १७९८ मध्ये न्यू जर्सीनं ज्या १०४ टाउनशिप कायद्यानं स्थापल्या, त्यांतली ही एक. आकार चौकोनी नाही. पश्चिमेला डेलावेअर नदी, पूर्वेला किटाटिनीची डोंगररांग, मधून फ्लॅट ब्रूक हा ओढा. नाव लेनापे या मूळ रहिवाशांच्या भाषेतलं, अर्थ भोवऱ्याचा डोह असा सांगतात. नदी तिथं मोठा वळसा घेते.

मग माणसं गेली कुठं? डेलावेअरच्या १९५५ च्या महापुरानंतर नदीतल्या टॉक्स आयलंड या बेटापाशी धरण बांधायचं ठरलं, १९६२ मध्ये मंजुरी मिळाली आणि सरकारनं खोऱ्यातली घरं-शेतं ताब्यात घेतली. धरण झालंच नाही. १९९२ मध्ये मंजुरीही रद्द झाली. जमीन राष्ट्रीय उद्यान सेवेकडे राहिली. धरणग्रस्त हा शब्द आपल्याला कोणी समजावून सांगायला नको, पण न झालेल्या धरणाचे धरणग्रस्त कसे असतात ते वॉलपॅकमध्ये दिसतं.

तरीही टाउनशिप मोडली नाही. त्या पद्धतीत कारभार निवडून दिलेल्या समितीकडे असतो, आणि वॉलपॅकची समिती तीन जणांची आहे. सातांतले तिघे समितीवर! याला नगरी म्हणाल? वसाहत म्हणाल? मजकुरात ‘वॉलपॅक टाउनशिप’ असंच ठेवा, आणि पहिल्यांदा येईल तिथं ‘म्हणजे वॉलपॅकची गावकी’ एवढं जोडा.